लांबण

आमच्या घरात एक आजार होता जो जगात दुसऱ्या कुणाकडेच नव्हता. नाव लांबण. डॉक्टरांच्या पुस्तकात शोधू नका, सापडणार नाही, कारण तो आमच्या आजीनं मिरजेतल्या घरात, मधल्या खोलीत, माझ्या उशाशी बसून रात्री दोन-अडीचच्या सुमारास तयार केला. एरवी आपण लांबण लावू नकोस म्हणतो ते बोलणाऱ्याला, मुद्द्यावर ये म्हणून. आजीनं तोच शब्द उचलला आणि मला चिकटवला. "पोरीला लांबण लागलीय, सकाळपर्यंत उतरंल." झालं, निदान झालं.

मी तेव्हा सात वर्षांची, म्हणजे १९८४ साल. घसा सुजून ताप यायचा मला, वर्षातून तीन-चारदा तरी. ताप चढताना काही नाही, चढून झाल्यावर अंग जरा हलकं वाटायला लागलं की हे सुरू व्हायचं. आधी भिंत जायची. समोरची चुन्याची भिंत, तिच्यावर कालनिर्णय, खाली फडताळ, सगळं जिथल्या तिथे आहे, काहीही हलत नाहीये, तरी ते लांब चाललंय. उलट्या दुर्बिणीतून बघितल्यासारखं, असं मी आत्ता लिहिते, तेव्हा दुर्बीण कुठे बघितली होती. आई शेजारी बसलेली, तिचा हात माझ्या कपाळावर, हाताचं वजन लागतंय, घडीचं पाणी ओघळून कानात जातंय, आणि तीच आई खोलीच्या पार पलीकडे, बोटाएवढी. हात इथे, आई तिथे. मधला हात किती लांब असेल याचा हिशोब करत मी पडून राहायचे.

मग बोटं. अंगठा आणि पहिलं बोट एकमेकांवर घासलं की मधे काहीतरी आहे असं वाटायचं, ते एकाच वेळी सुतळीसारखं बारीक आणि लोडासारखं जाड असायचं. आधी बारीक मग जाड असं नाही, दोन्ही एकदम. हे मी आजपर्यंत ज्यांना ज्यांना सांगितलं त्यातल्या बहुतेकांनी "अगं तापात होतं असं" म्हणून विषय बदलला, आणि एक-दोघांनी माझा हात गच्च धरला, म्हणजे तुलाही?

आणि वेळ. आमच्याकडे चावीचं, टोल देणारं घड्याळ होतं. त्याची टिकटिक होती तशीच असायची, पण माणसं घाई करायला लागायची. आई हळू आवाजात "पाणी घेतेस का" म्हणायची ते मला खेकसल्यासारखं ऐकू यायचं. आजी स्वयंपाकघरातून सावकाश चालत आली तरी धावत आल्यासारखी वाटायची, गुडघे दुखणारी बाई, धावणार कशी. सगळ्यांची घाई आणि ती घाई माझ्यावर चिडलेली. कधी कधी बरोब्बर उलटं, दोनाच्या टोलातला पहिला पडला आणि दुसरा काही पडेचना, मी वाट बघतेय, बघतेय, मधल्या जागेत अख्ख्या वर्गाची हजेरी घेऊन झाली, बाकांसकट, मग कुठे दुसरा टोल. आजही रात्री कुणाकडे टोलाचं घड्याळ ऐकलं की माझा श्वास त्या मधल्या जागेत अडकतो.

गंमत म्हणजे हे खरं नाही हे मला माहीत असायचं. सात वर्षांची होते तरी. आई लांब गेलेली नाही, हात कपाळावर आहे म्हणजे आई इथेच असणार, हे कळायचं आणि त्याचा काडीचा उपयोग व्हायचा नाही. मी रडायचे ते भीतीनं कमी आणि कुणाला सांगता येत नाही म्हणून जास्त. "आई तू लांब गेलीस" म्हटलं की आई आणखी जवळ सरकायची, बिचारी, तिला वाटायचं जवळ येऊन प्रश्न सुटेल.

डॉक्टरांनी सांगितलं तापात बरळतेय, क्रोसिन द्या. गल्लीतल्या एका काकूंनी दर्ग्यातून दोरा आणून दिला, तोही बांधला, आमच्याकडे दोऱ्याला आणि क्रोसिनला कुणाचीच ना नव्हती. पण त्यातल्या कुणीच मला विचारलं नाही की तुला नक्की दिसतं काय. विचारलं ते फक्त आजीनं. अंधारात बसून तिनं सगळं नीट विचारून घेतलं, भिंत आधी जाते की माणूस आधी, तुझे पाय तुला कुठे वाटतात, आवाज मोठा होतो की जवळ येतो. आणि मग नाव दिलं. एकदा नाव दिल्यावर आजीचा हात आवरेना. लांबणीला तिनं एक धाकटी बहीण दिली, आखूडण, ती लागली की वस्तू अंगावर येतात आणि मोठ्या होतात. मला तीही व्हायची. आमच्या मागच्या गल्लीत सतारमेकरांची दुकानं, तंबोऱ्याचे वाळवलेले भोपळे माळ्यावर एकावर एक रचलेले असायचे, आणि तापात त्यातला एक भोपळा आमच्या खोलीत येऊन फुगत फुगत माझ्या नाकाला टेकायचा, त्याचा तो कडवट धूळकट वास येईपर्यंत. आजी म्हणाली ही आखूडण, धाकटी आहे, आगाऊ आहे, पण लवकर कंटाळते. दोघींचे नियम ठरलेले होते. तिन्हीसांजेला रुळांकडे टक लावून बघितलं की लागतात. आंघोळ न करता जेवलं की लागतात (हा नियम माझ्या आईनं मधे घुसवला असावा). आणि मंगळवारी येत नाहीत. मंगळवारी का नाही विचारलं तर म्हणाली, "त्यांचाबी उपास असतो की."

रुळांचा नियम तिनं कुठून काढला ते मला पुढे कळलं. मिरज जंक्शनला तेव्हा तिन्ही मापाच्या गाड्या यायच्या. पुणे-कोल्हापूरची ब्रॉडगेज, साडेपाच फुटी. बेळगाव-लोंढ्याकडे जाणारी मीटरगेज, सव्वातीन फुटाच्या आसपास. आणि कुर्डुवाडीची नॅरोगेज, अडीच फूट, बार्शी लाईटवाली, जिच्याबद्दल गावात म्हणायचे की पुढच्या डब्यातून उतरून लघवी करून मागच्या डब्यात चढता येतं. एकाच गावात तीन आकारांची आगगाडी. बाकीच्या मुलांच्या डोक्यात गाडी म्हणजे एवढी असं एक माप पक्कं होत असेल, माझ्या डोक्यात ते कधी झालंच नाही. लांबून येणारी गाडी लहान दिसते ती लांब आहे म्हणून की ती मुळातच लहान आहे, हे मिरजेच्या पोरांना गाडी पार अंगाशी आल्याशिवाय कळायचं नाही. आजीचं माहेर सांगोल्याचं, त्या नॅरोगेजवरचं. ती लग्न होऊन त्याच गाडीतून आली आणि मिरज स्टेशनात उतरल्यावर शेजारी उभी असलेली मोठी गाडी बघून तिला म्हणे वाटलं की आपण लहान झालोय. गाडी मोठी आहे असं नाही, आपण लहान झालोय. हे तिनं मला लांबणीच्या संदर्भात सांगितलं, एरवी ती लग्नातलं काही सांगायची नाही.

आता उपाय. उपाय सोपा होता, आजी मला मोजायची. पांघरूण काढायचं, सरळ झोपवायचं, आणि कपाळापासून टाचेपर्यंत विती टाकत जायचं. अंगठा कपाळावर, करंगळी हनुवटीच्या खाली. मग अंगठा तिथे, करंगळी छातीवर. तिचा हात खरखरीत, वीत टाकताना करंगळी थोडी थरथरायची, आणि प्रत्येक वितीला ती आकडा मोठ्यानं म्हणायची, बाजारात शेर मोजताना म्हणायचे तसं, सूर लावून. सहा विती आणि उरलेली बोटं. "सहा वीत चार बोटं. काल हुतीस तेवढीच हाईस. कुटं न्हाई गेलीस." आणि शेवटी पायाचा अंगठा धरून हलकेच ओढायचा. मला शप्पथ सांगते, उतरायचं. पूर्ण नाही, पण भिंत थांबायची. कारण डोळे काहीही सांगोत, अंगावरून पाच-सहा ठिकाणी एक हात टेकत गेलेला असायचा आणि तेवढ्या जागी तरी मी नक्की होते.

अंगठा का ओढायचा, तर त्याला रेवतीची गोष्ट. पुराणातली आहे ती, आजीनं बनवलेली नाही, मी नंतर खात्री केली. ककुद्मी नावाचा राजा, त्याची मुलगी रेवती. हिला नवरा कोण योग्य हे विचारायला तो तिला घेऊन थेट ब्रह्मदेवाकडे गेला. तिथे गाणं चालू होतं, म्हणून हे दोघे जरा थांबले. गाणं संपल्यावर राजानं यादी काढली तर ब्रह्मदेव हसायला लागला, अरे बाबा तू थांबलास तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं गेली, यादीतला कुणीच राहिला नाही, त्यांचे नातू-पणतूही नाहीत. मग आता कोण आहे, तर बलराम आहे, त्याला दे. खाली आले तर माणसं सगळी बुटकी झालेली, आणि रेवती जुन्या युगातली म्हणून प्रचंड उंच. बलरामानं काय केलं, नांगराचं टोक लावून तिला ओढून आपल्या मापाची केली आणि लग्न लावलं. एकाच गोष्टीत वेळही हललेली आणि आकारही. आजीच्या मते जगातली पहिली लांबण रेवतीला लागली आणि पहिला उपाय बलरामानं केला, ती माझा अंगठा ओढायची तो नांगर.

मला ही गोष्ट आवडायची आणि एका जागी अजिबात आवडायची नाही. तिला का आखूड केली, तो का नाही वाढला? आजी म्हणाली, "नांगुर त्याच्याकडं हुता म्हणून." यापेक्षा सरळ उत्तर मला नंतरच्या आयुष्यात कुणी दिलेलं नाही.

आणि पुढे हे माझ्यावरच उलटलं. तेराव्या-चौदाव्या वर्षी ताप यायचे बंद झाले, भिंती जागेवर राहायला लागल्या, आणि मी वाढायला लागले. पाच फूट आठ इंच. आमच्या घरात, आमच्या जातीत, त्या काळी, पाच आठ. बघायला येणारी मुलं दारात चप्पल काढताना माझ्याकडे बघायची आणि पुन्हा चप्पल घालायची असं माझा मामा सांगायचा, मामाला आपण विनोदी आहोत असं वाटतं. घरात नवीन चेष्टा सुरू झाली, पोरीला खरीच लांबण लागली, बोलवा बलरामाला. आजी एकटी हसायची नाही. ती म्हणायची, "नांगुरवाला नगं. शिडीवाला बगा." शिडीवाला मिळाला, पाच सहाचा आहे, त्याला फरक पडत नाही, फोटोत तो पायरीवर उभा राहतो.

तर विसाव्या वर्षानंतर मला अर्धशिशी सुरू झाली, आईची होतीच, आणि लांबण मी विसरून गेले. विसरून म्हणजे बालपणातल्या गोष्टी आपण जिथे ठेवतो तिथे ठेवून दिली, भोपळ्याच्या वासाशेजारी. माझा मुलगा आठ वर्षांचा असताना पुण्यात एका रात्री त्याला एकशे तीन ताप, मी घड्या घालतेय, आणि तो अगदी शांतपणे म्हणाला, "आई, तू एवढी लांब का बसलीयेस?"

माझा गुडघा त्याच्या गुडघ्याला लागलेला होता.

मी काय केलं सांगू, मी आधी जवळ सरकले. आईनं केलं होतं तेच. मग आठवलं, पांघरूण काढलं आणि त्याला मोजलं. माझी वीत मोठी, त्यामुळे आकडा आला साडेपाच, आणि मी म्हटलं मी तुझ्याएवढी असताना सहा वीत चार बोटं होते तर तो तापातही भडकला, मी कमी कसा, मी वर्गात चौथा आहे उंचीला. त्याला वीत आणि वीत यातला फरक समजावता समजावता तो झोपला.

तो झोपल्यावर मी फोन घेऊन बसले, कारण मी आजी नाही, मला आता गुगल लागतं. आणि पहिल्या पाच मिनिटांत सापडलं. ॲलिस इन वंडरलँड सिंड्रोम. इंग्लंडमधल्या जॉन टॉड नावाच्या मानसोपचारतज्ज्ञानं १९५५ मध्ये कॅनडाच्या एका मेडिकल जर्नलमध्ये हे नाव दिलं. त्याच्याही तीन वर्षं आधी अमेरिकेत लिपमन नावाच्या डॉक्टरनं अर्धशिशीच्या पेशंट्सचे असेच अनुभव लिहून ठेवले होते, आपण एकदम बुटके झालो किंवा ताडमाड झालो असं वाटणारे. वस्तू लहान दिसणं, मोठी दिसणं, लांब जाणं, अंगावर येणं, या प्रत्येकाला वेगळं लॅटिन-ग्रीक नाव आहे. आणि वेळ पळणं किंवा थांबणं हेही त्यातच. कारणांत अर्धशिशी, आणि मुलांमध्ये इन्फेक्शन, विशेषतः एपस्टाईन-बार नावाचा व्हायरस, तोच जो घसा सुजवून ताप आणतो. बहुतेकांचं आपोआप जातं. आणि पेशंटला कळत असतं की हे खरं नाही, हेही होतं. मी ते वाक्य तीनदा वाचलं. चाळीस वर्षांची बाई रात्री साडेतीनला पोराच्या पलंगावर बसून एका वाक्यावर रडतेय असं चित्र डोळ्यासमोर आणा आणि सोडून द्या.

बरं वाटलं हे खरंच. पण थोडा रागही आला. नाव बघा ना, परीकथेचं. ज्या लेखकाचं ते पुस्तक १८६५ मध्ये छापून आलं तो ऑक्सफर्डचा गणिताचा मास्तर, त्याच्या डायरीत अर्धशिशीच्या नोंदी आहेत, आणि त्याला स्वतःलाच हे होत होतं का यावर डॉक्टर लोक अजून वाद घालतात. घाला. माझं म्हणणं एवढंच की ॲलिस काहीतरी खाते-पिते मग लहान-मोठी होते, तिला कारण असतं, आम्हाला कारण नव्हतं, आणि आमच्याकडे ससाही नव्हता. लांबण हे नाव जास्त बरोबर आहे. त्यात काय होतं ते आहे.

मग मी वाचतच सुटले, काही आठवडे. सगळ्यात जास्त मला धक्का बसला तो यात बिघाड कुठे आहे याचा नाही, तर एरवी हे बिघडत कसं नाही याचा. माणूस पाच फुटांवरून दहा फुटांवर गेला की डोळ्यातलं त्याचं चित्र निम्मं होतं. निम्मं! आणि आपल्याला तो निम्मा झालेला दिसत नाही, कारण मेंदू मागच्या मागे हिशोब लावतो की लांब आहे म्हणजे एवढा, मूळ आकार तोच. दिवसभर, प्रत्येक माणसासाठी, प्रत्येक पातेल्यासाठी हा हिशोब चालू असतो. विश्वास नसेल तर गरम पाण्यानं आंघोळ झाल्यावर आरशावर वाफ धरते तेव्हा एक डोळा मिटून, डोकं न हलवता, आपल्या दिसणाऱ्या चेहऱ्याभोवती बोटानं रेघ मारा, कपाळाला एक आणि हनुवटीला एक. मग बाजूला होऊन त्या दोन रेघांमधे वीत लावून बघा. खऱ्या चेहऱ्याच्या निम्मं अंतर निघतं. आपण जन्मभर आरशात तेवढुसा चेहरा बघत आलो आणि कधी लक्षात आलं नाही. माझ्या नवऱ्यानं हे तीनदा करून बघितलं आणि तिसऱ्यांदा जरा गप्प झाला. तापात काय होतं, तो हिशोबनीस झोपतो. डोक्याच्या वरच्या-मागच्या भागात, जिथे दिसणं आणि आपलं अंग आणि आजूबाजूची जागा यांची गाठ पडते, तिथे काम थोडा वेळ ढिलं पडतं, आणि मग आई बोटाएवढी.

वेळेचंही कुणीतरी असंच वहीखातं ठेवत असणार, आणि तेही कधी कधी चुकतं. १९८३ मध्ये म्युनिकमधल्या योसेफ त्सिल आणि त्याच्या सहकाऱ्यांनी एका बाईबद्दल लिहिलं, तिला मेंदूच्या एका आजारानंतर हालचाल दिसायचीच बंद झाली. वस्तू दिसायच्या, रंग दिसायचे, हालचाल नाही. कपात चहा ओतताना धार तिला गोठलेली दिसायची, बर्फासारखी, आणि कप भरत आला हे कळायचं नाही, चहा बाहेर. खोलीत माणसं इथे असायची आणि एकदम तिथे. रस्ता ओलांडायला उभी राहिली की गाडी लांब आहे, लांब आहे, आणि एकदम अंगावर. दुसरा एक पेशंट, १९९६ च्या एका शोधनिबंधातला, सहासष्ट वर्षांचा जर्मन गृहस्थ. एके दिवशी गाडी चालवताना समोरचं सगळं त्याच्यावर भन्नाट वेगानं धावून यायला लागलं. टीव्हीसुद्धा बघवेना, सगळं फार पटपट. मेंदूत डाव्या बाजूला, पुढे, गाठ निघाली. डॉक्टरांनी त्याला सांगितलं, साठ सेकंद झाली असं वाटलं की सांगा. त्यानं सांगितलं तोवर सरासरी दोनशे शहाऐंशी सेकंद झालेली असायची. पावणेपाच मिनिटं. त्याच्या आतलं घड्याळ हळू पडलेलं, म्हणून बाहेरचं जग पळत होतं.

हे वाचल्यावर मला माझी खेकसणारी आई आठवली. ती खेकसत नव्हती. मी हळू चालले होते.

मी आणि मुलगा आता तो खेळ खेळतो, डोळे मिटून साठ सेकंद. त्याचं साठ म्हणजे चाळीस, त्याला कायमच घाई. माझं पंचावन्न-छप्पन येतं, अर्धशिशीच्या दिवशी सत्तरच्या पुढे. शास्त्र म्हणून हे काही नाही, घरगुती आहे. (लॉकडाऊनमध्ये वेळेचं सगळ्यांचं कसं झालं होतं ते मी लिहीत नाही, सगळ्यांनी लिहून झालंय.)

पण एक गोष्ट मला राहून राहून वाटते. आपल्या भाषेत या आजाराची लक्षणं आधीच सगळी येऊन पडलेली आहेत, फक्त आपण ती निरोगी माणसाच्या तोंडी घातलीत. माणूस गेल्यावर घर खायला उठतं, ही आखूडण नाही तर काय, भिंती अंगावर आल्या. मुलाला नोकरी लागली की आभाळ ठेंगणं होतं. वाईट बातमी आली की पायाखालची जमीन सरकते. वेळ जाता जात नाही आणि वर्ष हां हां म्हणता सरतं, आणि घटका भरते. घटका तर खरी वस्तू होती. आजीच्या लग्नात होती, तांब्याची छोटी वाटी, बुडाला बारीक भोक, ती घंगाळातल्या पाण्यावर सोडायची, भरत भरत चोवीस मिनिटांनी बुडते. अशा साठ बुडाल्या की एक दिवस-रात्र. सांगोल्यात भटजींनी ती सोडली आणि आजी बोहल्यामागे बसून तिच्याकडे बघत होती, बारा-तेरा वर्षांची पोर, आणि ती म्हणायची, वाटी बुडतच नव्हती. पाणी आत येताना दिसत होतं, वाटी जड होत होती, बुडत नव्हती. सगळे वऱ्हाडी थांबलेले, वाजंत्री थांबलेली. "आन मग येकदम तळाला. कवा गेली बघितलंच न्हाई. डोळं मिटलं न्हवतं मी."

मी तिला विचारलं होतं, आजी, तेव्हा तुला ताप होता का? ती म्हणाली, "कुणी हात लावून बघितला न्हाई."

हे सगळं मला सापडलं तेव्हा आजी जाऊन बरीच वर्षं झाली होती, त्यामुळे तिला जॉन टॉड सांगायचा राहिला. ती २००४ मध्ये गेली. शेवटच्या वर्षात तिचं वेळेचं कोष्टक पूर्ण विस्कटलं होतं. दुपारी चारला उठून सडा घालायला निघायची. कुर्डुवाडीची गाडी गेली का, हे दिवसातून वीस वेळा, आणि गेली म्हटलं की हिरमुसायची, अजून यायचीय म्हटलं की पिशवी भरायला घ्यायची, त्यामुळे आम्ही सगळ्यांनी "येईल आता" हे उत्तर ठरवून टाकलं होतं. मला ती कधी ओळखायची, कधी तिची बहीण समजायची. पलंगावर ती एवढीशी दिसायची. मला दरवेळी मिरजेला गेल्यावर आणखी लहान दिसायची आणि यात माझ्या डोळ्यांचा काही दोष नव्हता.

दिवाळीनंतर मी गेले होते तेव्हाची गोष्ट. संध्याकाळ होती, लाईट गेलेले, आई कंदील पुसत होती. आजी माझ्याकडे बघून स्वच्छ म्हणाली, "लई लांब बसलीस गं." मी तिच्या पलंगावरच होते, तिचे पाय माझ्या मांडीवर. मी म्हटलं, आजी, लांबण लागली काय तुला? ती थोडा वेळ छताकडे बघत राहिली आणि म्हणाली, "तसंच दिसतंय. मोज."

मी पांघरूण काढलं. कपाळावर अंगठा ठेवला, करंगळी हनुवटीच्या पार खाली गेली, माझा हात केवढा आणि तो चेहरा केवढा. साडेसहा विती भरली. मी तिच्या सुरात म्हटलं, साडेसहा, काल होतीस तेवढीच आहेस. तिला ते मुळीच पटलं नाही. "खोटं बोलतीस. आठ हुते मी." मी म्हटलं आजी, वीत माझी आहे, मोठी आहे. "मग माझी घे की," म्हणाली, आणि हात पुढे केला.

तिचा हात मी हातात धरला आणि तिच्याच कपाळावर ठेवला. पण बोटं उघडेनात. सांध्यांनी धरली होती ती कधीची, अंगठा आणि करंगळी यांच्यात जेमतेम चार बोटांचं अंतर पडत होतं, त्यापुढे ताणलं की दुखत होतं तिला. मी तशीच टाकत गेले, ती अर्धी वीत, कपाळ, नाक, हनुवटी, गळा, आणि ती स्वतः मोजत होती, सूर लावून, पाच, सहा, कुठे चुकली नाही, कमरेपाशी मी थांबले तर म्हणाली चल पुढं. गुडघा. नडगी. टाचेला येईपर्यंत आकडा सतरावर गेला. आई कंदील तसाच हातात धरून बघत उभी होती.

आजीनं सतरा हा आकडा दोनदा म्हणून बघितला आणि मग माझ्याकडे बघून हसली, दात नव्हते.

"वाढले की गं," म्हणाली.